सकर टँकमध्ये मावेना, तळ्यात सोडू का?

काचघर, सोमवार रात्री ९:१०
चार वर्षांपूर्वी काचेवरचं शेवाळ खाईल म्हणून बोटाएवढा सकर मासा आणला. विकणारा म्हणाला होता, "हा एवढाच राहतो, काही बघावं लागत नाही." परवा बाहेरून काचेला पट्टी लावून मोजला, तेरा इंच भरला. टँक तीन फुटी. वळायला गेला की शेपूट काचेवर आपटते. झाडं केव्हाच उपटून झाली. रात्री दिवा घालवला की लाकूड खरवडत बसतो, तो खर्रर्र आवाज बाजूच्या खोलीत येतो. आता नवीनच खोड लागलीय, अंधारात गोल्डफिशच्या अंगाला चिकटतो. सकाळी पाहावं तर दोन्ही गोल्डफिशच्या कुशीवर लाल चट्टे.

जवळ एक तळं आहे. पाणी बरं आहे, कमळं आहेत, बगळे येतात. तिथे सोडून द्यायचं ठरवून रविवारी बादली भरली आणि याला जाळीने उचलला. उचलला कसला! पर ताठ करून बसला आणि परांचे काटे जाळीत असे अडकले की सुटता सुटेनात. शेवटी पाण्यातच धरून कात्रीने जाळीचा एकेक धागा कापला. अर्धा तास गेला, अंधार पडला, म्हणून राहिलं. आता पुढच्या रविवारी जाईन म्हणतो. कुणी आधी सोडलाय का? थेट सोडायचा की तळ्याचं पाणी थोडं थोडं घालून सवय करायची?

शेवाळप्रेमी, सोमवार रात्री ९:२५
सोडू नका. प्लीज. उद्या नीट लिहिते.

रानवारा, सोमवार रात्री १०:०२
का सोडू नका? तीन फुटांच्या काचेत एवढं जनावर कोंडून ठेवलं तर चालतं, आणि तळ्यात सोडलं की पाप? मासा आहे, पाण्यातच जाणार. जगला तर जगला, नाही तर बगळा खाईल, त्याचं पोट भरेल. निसर्ग आपलं आपण बघून घेतो. काचघर, पाण्याची सवय करून सोडा, एवढंच सांगतो.

भोवरा, मंगळवार सकाळी ७:४०
मत्स्यशास्त्र शिकलोय, पोटापाण्यासाठी आता भलतंच करतो. त्यामुळे असा चर्चेचा धागा दिसला की हात शिवशिवतात. लांबण लागेल, माफी.

रानवारा, बगळा याला खाणार नाही. सकरच्या अंगावर नेहमीच्या माशांसारखे खवले नसतात, हाडाच्या पट्ट्या असतात, चिलखत घातल्यासारख्या. वर धोका वाटला की पाठीचे आणि कुशीचे काटे ताठ करून जागीच अडकवून टाकतो. काचघरांच्या जाळीचं जे झालं तेच गिळणाऱ्याच्या घशाचं होतं. पोर्तो रिकोत हे मासे गिळायला गेलेले पेलिकन घशात अडकून मेल्याची नोंद आहे.

मूळचा हा दक्षिण अमेरिकेतल्या नद्यांचा. तिथे त्याला खाणारे आहेत, त्याच्याशी भांडणारे आहेत. आपण सोडतो त्या तळ्यात यातलं कुणी नसतं. पाण्यातला ऑक्सिजन संपत आला की बाकीचे मासे उलटे होतात, हा वर येऊन हवा गिळतो आणि जठरातून ऑक्सिजन घेतो. विणीच्या दिवसांत नर काठाच्या मातीत हातभराहून खोल आडवं बीळ खणतो, मादी त्यात अंडी घालते आणि नर राखण करतो. असे शेकडो नर एका काठाला लागले की काठ आतून पोखरतो आणि पावसात ढासळतो. माती पाण्यात, पाणी गढूळ, तळाशी गाळ. शिवाय दिवसभर तळ खरवडत असल्यामुळे दगडांवर चिकटवलेली इतर माशांची अंडीही शेवाळाबरोबर पोटात जातात.

मेक्सिकोत इन्फिएर्निय्यो नावाचं धरण आहे. तिथली तिलापियाची मासेमारी एकेकाळी नावाजलेली. मग सकर शिरले. जाळी टाकली की तिलापियाऐवजी सकरच, आणि तेही काढताना जाळं फाडून. रोजच्या कमाईची जाळी कात्रीने कापत बसायची, असं ते काम. काचघरांनी एकाच माशाला अर्धा तास लावला, यावरून अंदाज करा. आपल्याकडेही २०२० मध्ये वाराणसीजवळ गंगेत सकर सापडला होता. तो दक्षिण अमेरिकेतून पोहत आला नव्हता.

हे सगळं तो जगला तर. बहुतेक पाळीव मासे बाहेर जगतच नाहीत. सव्वीस अंशांच्या पाण्यात, वेळेवर दाणे खाऊन वाढलेला मासा. सावली पडली की पळायचं, हेही त्याला माहीत नसतं, कारण त्याच्यासाठी सावली म्हणजे डबा घेऊन येणारा माणूस. थंड पाण्यात त्याचं अंग आखडतं, पचन बंद पडतं, अंगावर बुरशी धरते. यात दिवस जातात, कधी आठवडे. आपण बादली पालथी करून पाठ वळवलेली असते, म्हणून ती सुटका वाटते. थोडक्यात, मेला तर माशाचे हाल, जगला तर तळ्याचे.

रानवारा, मंगळवार सकाळी ९:१५
माहितीबद्दल धन्यवाद, पेलिकनचं माहीत नव्हतं. पण शेकडो नर कुठून आणलेत? इथे एक मासा आहे. एकट्याला पिल्लं होत नाहीत.

शेवाळप्रेमी, मंगळवार दुपारी १:३०
"माझा एकच" असं म्हणणारे तुम्ही एकटे नसता, हीच तर मेख आहे. बोटाएवढे सकर सगळ्यांना एकाच आकाराचे विकले जातात आणि साधारण त्याच वयात सगळ्यांना नकोसे होतात. मग प्रत्येक जण जवळचं पाणी शोधतो. अशी तळी असतात तरी किती?

आणि काही जातींना एकटं असणं पुरतं. गप्पीची मादी नराचं बीज महिनोन्महिने पोटात साठवून ठेवते. टँकमध्ये नर नसताना पिल्लं झाली म्हणून धागे निघतात ना इथे दर दोन महिन्यांनी? तशी एक मादी डबक्यात गेली की झालं. त्याहून वरताण म्हणजे मार्बल्ड क्रेफिश. मासा नव्हे, झिंग्याच्या गोतातला, पण विकला जातो टँकसाठीच. १९९० च्या दशकात जर्मनीतल्या हौशी लोकांच्या टँकमध्ये तो दिसू लागला. यात नर हा प्रकारच नाही. सगळ्या माद्या, अंडी फळावी लागत नाहीत, प्रत्येक पिल्लू आईची हुबेहूब नक्कल. आज मादागास्करमधल्या भातखाचरांपर्यंत पोहोचलाय. युरोपियन युनियनने २०१६ मध्ये त्यावर बंदी घातली. "एकटाच आहे" हे वाक्य त्या प्राण्यापुढे म्हणून बघा.

जुनाखेळाडू, मंगळवार रात्री ११:०५
मी सोडलेत. सहा गोल्डफिश. लिहावं की नाही असा विचार दिवसभर केला.

घर बदलत होतो, टँक नेता येणार नव्हता. गावाबाहेर दगडाची जुनी खाण होती, पाण्याने भरलेली. पाणी इतकं नितळ की काठावर उभं राहिलं की तळाचे दगड मोजता यायचे, दगडांमधून बारीक रुपेरी मासे. मुलांना घेऊन गेलो, पिशव्या पाण्यावर तरंगत ठेवल्या, अगदी पुस्तकात सांगतात तसं. सहाही मासे आत गेले, मुलांनी टाळ्या वाजवल्या. फोटो आहे अजून.

तीन वर्षांनी एका कामासाठी तिकडे गेलो. काठावर उभा राहिलो तर तळ दिसेना. पाण्याला पातळ चहाचा रंग. पाणवनस्पतींचे तुकडे वर तरंगत होते, मुळं वर, पानं खाली. बराच वेळ काही हललं नाही, मग पाण्याखालून एक नारिंगी सावली गेली. माझ्या कोपरापासून मनगटापर्यंत लांब असेल. मागून आणखी, मग आणखी. मोजायचा प्रयत्न केला, चाळीसच्या पुढे सोडून दिला. सगळेच नारिंगी नव्हते, बरेचसे मातकट हिरवे, रानटी रंगावर गेलेले. रुपेरी मासा एकही दिसला नाही.

तेव्हा मला वाटलं, वा, किती छान वाढलेत! खरंच वाटलं. काय झालंय ते कळायला आणखी वर्ष गेलं.

भोवरा, बुधवार सकाळी ७:२०
जुनाखेळाडू, लिहिलंत ते बरं केलंत. पाण्याचा चहा होतो त्याचं कारण गोल्डफिशच्या खाण्यात आहे. तोंडाने तळातला गाळ उपसायचा, चाळायचा, नको ते थुंकायचं, दिवसभर हेच. वनस्पतींची मुळं सुटतात, गाळ वर राहतो, ऊन तळापर्यंत पोहोचत नाही, मग उरलेल्या वनस्पतीही मरतात. गाळात बसलेली खतं पाण्यात मिसळतात आणि शेवाळाचं फावतं. रंगाचंही बरोबर पाहिलंत. नारिंगी हा माणसाने निवडून टिकवलेला रंग, बाहेर नारिंगी दिसणारा आधी मारला जातो.

अमेरिकेत मिनेसोटातल्या बर्न्सव्हिल शहराने २०२१ च्या जुलैत केलर तलावातल्या गोल्डफिशचे फोटो टाकून लोकांना हात जोडले होते, पाळलेले मासे तलावात सोडू नका म्हणून. आपल्या वाटीतला मासा तो हाच, हे ते फोटो बघून पटत नाही. ऑस्ट्रेलियात वॅस नदीत संशोधकांनी गोल्डफिशच्या अंगात ट्रान्समीटर बसवून माग काढला, त्यातला एक मासा वर्षभरात २३० किलोमीटर हिंडला. म्हणजे "आमचं तळं कोपऱ्यात आहे" यालाही फार अर्थ नाही. पूर आला, सांडवा वाहिला की कोपरा राहत नाही.

आणि थंडीने मरतील म्हणाल तर ते गोठलेल्या तळ्याच्या बर्फाखालीही तग धरतात. ऑक्सिजन संपला की शरीरात साठणाऱ्या लॅक्टिक ॲसिडचं अल्कोहोल करतात आणि कल्ल्यांतून बाहेर सोडतात.

टिवल्याबावल्या, बुधवार सकाळी ७:५५
थांबा थांबा. म्हणजे गोल्डफिश हिवाळाभर पिऊन असतो?

भोवरा, बुधवार सकाळी ८:०१
अगदी तळीराम नाही, पण रक्तात अल्कोहोल सापडतं खरं.

टिवल्याबावल्या, बुधवार सकाळी ८:०३
"तळीराम" हा शब्द आजपासून या माशाला. धागा सार्थकी लागला.

रानवारा, बुधवार दुपारी १२:४०
बरं, तळ्याचं मानलं. वाढले तर पकडून काढता येतातच की. आणि समुद्राचं काय? तो एवढा मोठा, दोन-चार माशांनी त्याचं काय होणार?

शेवाळप्रेमी, बुधवार दुपारी ३:१०
समुद्राचं उत्तर लायनफिश. लाल-पांढऱ्या पट्ट्यांचा, पंख्यासारख्या परांचा, काट्यात विष. मूळ हिंद आणि प्रशांत महासागरातला, अटलांटिकमध्ये अजिबात नव्हता. १९८५ मध्ये फ्लोरिडाच्या किनाऱ्याजवळ पहिल्यांदा दिसला. टँकमधून सोडलेलेच ते, असं जाणकार मानतात. आता सगळ्या कॅरिबियनभर आहे. एक मादी वर्षाला वीस लाखांच्या घरात अंडी सोडते. बहामात संशोधकांनी पाण्याखालच्या छोट्या प्रवाळ खडकांवर तुलना करून पाहिली. जिथे लायनफिश ठेवला तिथे पाच आठवड्यांत नव्याने येणारी इतर माशांची पिल्लं सरासरी ७९ टक्क्यांनी कमी. तिथल्या लहान माशांना हा शत्रू आहे हेच ठाऊक नाही, समोर येऊन थांबतात बिचारे. लोक भाले घेऊन पाण्यात बुड्या मारतात, शिकारीच्या स्पर्धा भरवतात, तरी तो काही जात नाही.

भोवरा, बुधवार रात्री ९:३०
पकडून काढण्याबद्दल. मेरिलँडमधल्या क्रॉफ्टन गावची गोष्ट सांगतो. एका माणसाने दोन नॉर्दर्न स्नेकहेड जिवंत विकत आणले, म्हणजे आपल्या मरळीच्या जातकुळीतले. टँकमध्ये ठेवले, मावेनासे झाले तेव्हा जवळच्या तळ्यात सोडले. काचघर, ओळखीचं वाटतंय? २००२ मध्ये एका गळवाल्याला त्यातला एक लागला. शेवटी सरकारने तळ्यात रोटेनोन ओतलं. हे विष कल्ल्यांवाटे भिनतं आणि आपला-परका बघत नाही, तळ्यातले सगळेच मासे मेले. मेलेल्यांत सहा मोठे स्नेकहेड निघाले आणि हजारावर पिल्लं. दोन माशांपासून.

ते निदान छोटं, बंदिस्त तळं होतं. वाहत्या नदीत विषही घालता येत नाही. गळाने आणि जाळ्याने संख्या थोडी खाली येते, पण शेवटची जोडी कधी हाती लागत नाही.

निळीशाई, गुरुवार सकाळी १०:४५
वाचनमात्र होते, आता एक भर घालते. मासा वाईट नसला तरी त्याच्याबरोबर काय जातं ते दिसत नाही. मी कोई पाळते, म्हणजे रंगीत कार्प मासे. कोईला होणारा हर्पिस विषाणू आजारातून वाचलेल्या माशात लपून राहतो. मासा ठणठणीत दिसतो, खातो-पितो, आणि पाण्यात विषाणू सोडतो. जपानमध्ये २००४ साली बिवा सरोवरात त्याने एक लाखाहून जास्त कार्प मेले. (माणसाला त्याचा त्रास होत नाही, घाबरू नका.) त्यामुळे "तळ्यात तीच जात आधीच आहे, मग माझा सोडला तर काय" हेही चालत नाही. उलट त्याच जातीला धोका सगळ्यात जास्त.

मुळाक्षर, गुरुवार दुपारी २:२०
मग टँकचं पाणी आणि कापलेल्या वनस्पती? मी इतकी वर्षं मागच्या ओढ्यात टाकतोय. :-(

शेवाळप्रेमी, गुरुवार संध्याकाळी ६:००
आजपासून बंद करा. पाण्यात गोगलगायीची अंडी, जंत, वनस्पतीचे बोटभर तुकडे, काहीही असतं. हे पाणी कुंड्यांना घाला, झाडं खूश होतात. (खाऱ्या टँकचं असेल तर कुंड्यांना नको, आतल्या ड्रेनेजमध्ये.) वनस्पती उन्हात कडकडीत वाळवून मग कचऱ्यात.

तुकड्याने काय होतं म्हणाल तर कॉलर्पा नावाची समुद्री वनस्पती बघा. ॲक्वेरियममध्ये शोभेला ठेवायचे. १९८४ मध्ये मोनॅकोच्या सागरी संग्रहालयाच्या खालच्या समुद्रात तिचा एक तुकडा दिसला, चटईएवढा, चौरस मीटरभर. पुढे ती भूमध्य समुद्रात हजारो हेक्टर पसरली. कॅलिफोर्नियात २००० मध्ये सापडली तेव्हा वेळीच ताडपत्रीखाली झाकून क्लोरीन सोडलं. तरी पूर्ण संपली असं जाहीर करायला २००६ उजाडलं आणि सत्तर लाख डॉलरच्या वर गेले.

आणि टँकमध्ये ठेवायला ते शेवाळाचे गोल मॉस बॉल मिळतात ना? २०२१ च्या मार्चमध्ये अमेरिकेतल्या दुकानांत त्यांच्यात झेब्रा शिंपले सापडले. नखाएवढे शिंपले, पण नळाचे पाइप बंद पाडतात. तेव्हा मॉस बॉल फेकण्याआधी उकळा किंवा दिवसभर फ्रीझरमध्ये ठेवा, असं सांगावं लागलं होतं.

रानवारा, गुरुवार रात्री ८:५०
ठीक, तळ्यात सोडा हा माझा सल्ला मागे घेतो. पण एक गोष्ट पटत नाही. सगळा दोष बादली घेऊन जाणाऱ्याचा कसा? ज्याने "एवढाच राहतो" म्हणून विकला तो कुठे आहे या गोष्टीत? फूटभर वाढणारा मासा दोन फुटी टँकवाल्याला विकायचाच कशाला?

भोवरा, गुरुवार रात्री ९:२०
शंभर टक्के मान्य. पूर्ण वाढ किती, हे विकताना काचेवर लिहायला हवं. तोवर आणण्याआधी आपणच शोधायचं. शेवाळ खायला सकर लागतच नाही, ऑटोसिंक्लस हा मासाही शेवाळ खातो आणि दोन इंचांपुढे जात नाही. विकणाऱ्याने फसवलं म्हणून तळ्याने भरपाई का करायची, एवढाच माझा प्रश्न.

निळीशाई, गुरुवार रात्री १०:१०
काचघर, आता मुद्द्याचं. आधी विकणाऱ्यालाच विचारा, बरेच जण मोठा मासा परत घेतात. नाही तर आपल्यातच कुणाकडे सहा-आठ फुटी टँक असेल. मोठ्या मत्स्यालयांवर फार विसंबू नका, त्यांच्याकडे अशा माशांची रांग असते. बागेतलं तळं देत असतील तर विचारा, पावसात ते भरून वाहतं का. फ्लोरिडात माजी पाळीव प्राणी विनाचौकशी आणून द्यायचा दिवस असतो, घ्यायला नवे मालक तिथेच हजर. तसं सगळीकडे हवं.

आणि नेताना प्लॅस्टिकची पिशवी नको, काट्याने फुटेल. झाकणाची बादली, झाकणाला भोकं. जाळी अजिबात नको, हे तुम्हाला सांगायला नकोच. पाण्यातच डब्यात वळवून घ्या.

मुळाक्षर, शुक्रवार सकाळी ९:००
विचारावं की नाही कळत नाही. कुणीच घेतलं नाही तर? किंवा मासा आजारी असेल तर? फ्लश केलेलं चालतं का?

निळीशाई, शुक्रवार सकाळी ११:३०
फ्लश नको. जिवंत मासा गटारात गुदमरत मरतो, किंवा जगलाच तर पुढे नदीत. कुणी न घेणारा, बरा न होणारा मासा असेल तर शांतपणे मारणं हाच पर्याय उरतो. मासे बघणारा पशुवैद्य मिळाला तर उत्तम. नसेल तर लवंगाचं तेल. ते पाण्यात नुसतं मिसळत नाही. छोट्या बाटलीत कोमट पाण्याबरोबर पांढरं होईपर्यंत हलवायचं आणि माशाच्या भांड्यात हळूहळू ओतायचं. आधी गुंगी येते, तो आडवा होतो. मग मात्रा वाढवायची. कल्ले हलायचे थांबले की लगेच काढायचा नाही, अर्धा तास तरी तसाच ठेवायचा, कारण कधी कधी पुन्हा शुद्धीवर येतो. मग पुरायचा. जिवंत मासा फ्रीझरमध्ये ठेवू नका.

मी हे एकदा केलंय, पोट फुगलेल्या कोईसाठी. हात थरथरत होते. सोपं आहे असं म्हणणार नाही.

रानवारा, शुक्रवार दुपारी १:१५
वाचवत नाही. पण समजलं.

जुनाखेळाडू, शुक्रवार रात्री १०:४०
त्या खाणीबद्दल काल मत्स्य विभागाला फोटोंसकट लिहिलं. सहा मी सोडले होते, तेही लिहिलं. काय होतं ते कळवतो.

काचघर, रविवार रात्री ९:४५
उशीर झाला, पण बातमी आहे. धागा वाचून इथल्याच एका सदस्याने निरोप पाठवला, आठ फुटी टँक आहे, घेतो म्हणाले. आज देऊन आलो. निळीशाईताई, बादलीची युक्ती लागू पडली. वाटेत झाकणावर दोनदा धडका मारल्या, बाकी शांत. त्यांच्या टँकमध्ये सोडला तेव्हा पाच मिनिटं तळाला पडून राहिला, मला वाटलं गेला. मग एकदम उठून टँकच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ गेला. वळावं लागलं नाही. त्याला असं पोहताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

गोल्डफिशच्या चट्ट्यांवर मिठाचं पाणी चालू केलंय. घरी आता रात्री फार शांत वाटतंय, खरवडण्याचा आवाज नाही. झोप येईना म्हणून हे लिहीत बसलोय.

टिवल्याबावल्या, रविवार रात्री ९:५२
तळीराम लवकर बरे होवोत.

मुळाक्षर, रविवार रात्री १०:२०
अभिनंदन! त्या आठ फुटीवाल्यांना विचारा ना, अजून एक घेतील का. आज पट्टी लावली. माझा अकरा इंच आहे.